तिचीनोत नव्याने येणाऱ्यांसाठी तिलो रेल्वे: तिकीट, पास आणि सीमा

स्वित्झर्लंडच्या दक्षिण टोकाला, आल्प्सच्या इटलीकडील उतारावर, तिचीनो हे इटालियन भाषक कँटन, म्हणजे स्विस संघराज्यातले एक राज्य, आहे. लुगानोच्या विद्यापीठात संशोधनासाठी, सुप्सी या उपयोजित शिक्षणसंस्थेत पदव्युत्तर अभ्यासक्रमासाठी किंवा या भागातल्या कंपन्यांत नोकरीसाठी येणाऱ्या मराठी माणसाची पहिल्याच आठवड्यात तिलो या रेल्वेशी गाठ पडते. तिलो म्हणजे तिचीनो आणि इटलीतला लोम्बार्दी प्रांत यांना जोडणारी प्रादेशिक रेल्वेसेवा. ती २००४ साली स्थापन झाली आणि तिची मालकी स्विस फेडरल रेल्वे व लोम्बार्दीतली त्रेनॉर्द ही रेल्वे कंपनी यांच्याकडे निम्मी-निम्मी आहे. गाड्या स्वच्छ असतात आणि भरवशाने धावतात. तरीही नवे लोक गोंधळतात, कारण एकाच गाडीत बसून आपण दोन देशांच्या नियमांतून जात असतो आणि गाडी जिथवर जाते तिथवर आपले तिकीट जातेच असे नाही. ही एक गोष्ट पक्की समजली की बाकीचे सोपे आहे. म्हणून पुढच्या प्रत्येक पायरीत मी सीमेचा उल्लेख मुद्दाम पुन्हा पुन्हा केला आहे.

१. आधी मार्ग समजून घ्या

नकाशा उत्तरेकडून वाचायला घ्यावा. वर गॉटहार्डचा डोंगर, त्याच्या खाली लेव्हेंतिना खोरे, खोऱ्याच्या तोंडाशी बिआस्का, मग कँटनची राजधानी बेलिंझोना. बेलिंझोनाच्या दक्षिणेला चेनेरी हा डोंगर आडवा येतो आणि तो ओलांडला की लुगानो लागते. लुगानोहून निघालेली गाडी मेलिदेजवळ तलावातल्या भरावावरून पलीकडे जाते, मेंद्रिझिओला पोहोचते आणि शेवटी कियास्सो या सीमेवरच्या गावात येते. त्यानंतर कोमो आणि मिलानो. या उभ्या मार्गाला पश्चिमेकडे तीन फाटे आहेत: एक लोकार्नोला, दुसरा माज्जोरे तलावाच्या काठाने लुइनोला आणि तिसरा मेंद्रिझिओहून वारेझेला.

चेनेरीचा डोंगर पूर्वी या कँटनचे दोन भाग पाडून होता. लोकार्नोहून लुगानोला जायला तासभराच्या आसपास वेळ लागे. १५.४ किलोमीटर लांबीचा चेनेरी पायथा-बोगदा सप्टेंबर २०२० मध्ये खुला झाला, त्याच वर्षीच्या डिसेंबरच्या वेळापत्रकापासून गाड्या त्यातून नियमित धावू लागल्या आणि हेच अंतर सुमारे अर्ध्या तासावर आले. घर शोधताना हे जरूर लक्षात घ्या. लुगानोत परवडणारी खोली मिळाली नाही, तर बेलिंझोना किंवा लोकार्नोकडे पाहायला हरकत नाही. रोजची ये-जा सहज जमते.

रोजच्या उपयोगाच्या सेवा अशा आहेत:

- आरई ८०: लोकार्नो, लुगानो, मेंद्रिझिओ, कियास्सो. काही फेऱ्या इथे संपतात आणि काही पुढे कोमो, मोंझामार्गे मिलानो चेंत्रालेपर्यंत जातात. ही जलद गाडी आहे.
- एस १०: बिआस्का, बेलिंझोना, लुगानो, मेंद्रिझिओ, कियास्सो आणि पुढे कोमो.
- एस २०: कास्तिओने-आर्बेदो, बेलिंझोना, लोकार्नो.
- एस ३०: कादेनाझ्झो, लुइनो, गाल्लाराते. हिच्या फेऱ्या कमी असतात, त्यामुळे वेळ पाहिल्याशिवाय निघू नये.
- एस ४०: कोमो, कियास्सो, मेंद्रिझिओ, वारेझे.
- एस ५०: बेलिंझोना, लुगानो, मेंद्रिझिओ, वारेझे, मालपेन्सा विमानतळ.
- एस ९०: जुबियास्को, लामोने-कादेम्पिनो, लुगानो, मेंद्रिझिओ. ही चेनेरीवरच्या जुन्या डोंगरी मार्गाने जाते.

एस ९० बद्दल थोडे अधिक सांगायला हवे, कारण इथे नवे लोक हटकून चुकतात. बेलिंझोनाच्या बाजूने लुगानोला जायचे असेल, तर बोगद्यातून जाणारी एस १० किंवा एस ५० धरावी. एस ९० रिवेरा, मेझ्झोविको, ताव्हेर्ने अशी लहान-लहान स्थानके घेत डोंगर चढून उतरते आणि बराच अधिक वेळ घेते. उलट तुम्ही याच लहान गावांपैकी एखाद्यात राहत असाल, तर बोगद्यातली गाडी तुमच्या उपयोगाची नाही, कारण ती तुमच्या पायाखालून निघून जाते. घरमालक ‘स्टेशन पाच मिनिटांवर आहे’ असे सांगत असेल, तर त्या स्थानकावर कोणती गाडी थांबते हे विचारूनच भाडेकरारावर सही करा.

या भागातल्या सगळ्याच गाड्या तिलोच्या नाहीत. लुगानोहून पोन्ते त्रेझाला जाणारी अरुंद मापाची रेल्वे आणि लोकार्नोहून चेंतोव्हाल्ली खोऱ्यातून दोमोदोस्सोलाला जाणारी गाडी या वेगळ्या कंपन्यांच्या आहेत. बिआस्काच्या वर लेव्हेंतिना खोऱ्यात आणि आइरोलोपर्यंत जायचे झाल्यास मुख्यतः ‘ट्रेनो गॉटार्डो’ ही गाडी लागते. ती १८८२ सालच्या जुन्या गॉटहार्ड मार्गाने, डोंगराच्या पोटातल्या वळणदार बोगद्यांतून चढते. तिकिटाच्या दृष्टीने मात्र हा सगळा पसारा स्विस हद्दीत एकाच छत्राखाली येतो. त्याविषयी चौथ्या पायरीत लिहिले आहे.

२. जवळ काय काय हवे

भारतातून निघण्यापूर्वी आणि पोहोचल्यावर पहिल्या महिन्यात पुढील गोष्टी हाताशी ठेवा.

- मूळ पासपोर्ट आणि त्यातला स्विस डी व्हिसा, म्हणजे दीर्घ वास्तव्याचा व्हिसा. नुसती छायाप्रत सीमेवर चालत नाही.
- विद्यापीठाचे प्रवेशपत्र किंवा नोकरीचा करार, छापील.
- राहण्याच्या पत्त्याचा पुरावा. पोहोचल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि नोकरी असल्यास काम सुरू करण्यापूर्वी नगरपालिकेत नोंदणी करावी लागते.
- परदेशात चालणारे बँक कार्ड. तिथले लोक ट्विंट या अ‍ॅपने पैसे देतात, पण स्विस बँकखाते उघडेपर्यंत ते तुमच्या कामाचे नाही.
- फोनमध्ये स्विस फेडरल रेल्वेचे ‘एसबीबी मोबाइल’ अ‍ॅप. वेळापत्रक, तिकीट, फलाट आणि उशीर हे सारे त्यात कळते.
- एक पासपोर्ट आकाराचे छायाचित्र. पास काढताना लागते.
- फोनची बॅटरी टिकवणारी पॉवर बँक. तिकीट फोनमध्ये असेल आणि फोन बंद पडला, तर तपासनिसाच्या लेखी तुमच्याकडे तिकीट नाही.

फोनच्या नेटबद्दलही आधीच सावध राहा. युरोपीय संघातली मोफत रोमिंगची सोय स्वित्झर्लंडला लागू नाही. मालपेन्सावर विकत घेतलेले इटालियन सिम कियास्सोनंतर महाग पडू शकते आणि स्विस सिमची तीच गत इटलीत होऊ शकते. आपल्या योजनेत दोन्ही देश आहेत का ते पाहा आणि तिकीट सीमा ओलांडण्याच्या आधीच फोनमध्ये उतरवून ठेवा.

३. मालपेन्साहून पहिला प्रवास

भारतातून येणाऱ्यांना दोन विमानतळ सोयीचे पडतात: झुरिच आणि मिलानोचे मालपेन्सा. मालपेन्साला उतरलात तर शेंगेन क्षेत्रातला तुमचा प्रवेश इटलीत होतो. डी व्हिसावर त्याला हरकत नाही.

विमानतळाच्या रेल्वेस्थानकात उतरल्यावर समोर दिसणाऱ्या बहुतेक गाड्या मिलानो शहराकडे जाणाऱ्या ‘मालपेन्सा एक्सप्रेस’ असतात. थकलेला माणूस पहिली दिसेल ती गाडी पकडतो आणि तिथेच फसतो. तुम्हाला हवी आहे ती एस ५०. फलकावर ‘लुगानो’ हे नाव शेवटचे स्थानक म्हणून नसेल. बेलिंझोना किंवा बिआस्का शोधा. तिकीट थेट लुगानोपर्यंतचे, म्हणजे सीमा ओलांडणारे घ्या. वारेझेपर्यंतचे तिकीट घेऊन बसलात तर पुढच्या भागात तुम्ही विनातिकीट ठरता. प्रवासाला साधारण दीड ते दोन तास धरून चाला. विमान रात्री उशिरा उतरणार असेल, तर शेवटची गाडी कधी सुटते ते भारतातूनच पाहून घ्या आणि चुकण्याची शक्यता वाटल्यास लुगानोला जाणाऱ्या खाजगी बसची वेळही लिहून ठेवा.

सामानाबद्दल एक गोष्ट स्पष्टपणे सांगतो. भारतातून युरोपीय संघात किंवा स्वित्झर्लंडमध्ये दूध व मांस यांपासून बनलेले पदार्थ वैयक्तिक सामानातूनही आणता येत नाहीत. म्हणजे घरचे कढवलेले तूप, खव्याचे पेढे, बर्फी, चक्का यांना बंदी आहे. ताजी फळे आणि पाने यांना वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र लागते, त्यामुळे हापूसचे आंबे आणि कढीपत्त्याच्या जुड्याही घरीच ठेवाव्यात. आईने प्रेमाने बांधून दिलेला तुपाचा डबा विमानतळावर सोडून द्यावा लागतो तेव्हा जीव तुटतो, म्हणून हे तिला निघण्यापूर्वीच समजावून सांगा. गोडा मसाला, मेतकूट, चकल्या, भाजणी, कुळथाचे पीठ यांना ही दुधा-मांसाची बंदी लागू नाही. बंद पाकिटात, नाव लिहून आणावे, म्हणजे विचारणा झाल्यास सांगणे सोपे जाते.

४. पहिल्या दिवसांतले तिकीट

घर मिळेपर्यंत तुम्ही हॉटेलात, युथ हॉस्टेलमध्ये किंवा कॅम्पिंगच्या जागेत राहणार असाल, तर पोहोचल्याबरोबर ‘तिचीनो टिकेट’ मागा. २०१७ सालापासून अशा ठिकाणी मुक्काम करणाऱ्या पाहुण्यांना कँटनमधली सार्वजनिक वाहतूक मुक्कामाच्या काळात मोफत मिळते. अनेकांना हे सहलीला आलेल्यांपुरते आहे असे वाटते आणि ते नोंदणीच्या कचेऱ्यांत हेलपाटे घालताना रोज तिकिटे काढत बसतात. भाड्याच्या घरात गेल्यावर मात्र ही सोय संपते.

त्यानंतर तुमचा संबंध येतो ‘आर्कोबालेनो’शी. तिचीनो आणि शेजारच्या मोएसा खोऱ्यातल्या रेल्वे व बस कंपन्यांनी मिळून चालवलेली ही सामायिक भाडेव्यवस्था आहे. सारा प्रदेश विभागांत वाटलेला आहे आणि तिकीट ‘या गाडीचे’ नसून ‘इतक्या विभागांचे, इतक्या वेळेपर्यंतचे’ असते. त्याच तिकिटावर तुम्ही तिलोतून उतरून शहर बसमध्ये बसू शकता. तिकिटावर छापलेली वेळ संपण्याच्या आत प्रवास पुरा करायचा, एवढेच भान ठेवा.

तिकीट यंत्रावरून किंवा अ‍ॅपमधून काढता येते. यंत्रासमोर उभे राहिलात की आधी भाषा बदला आणि मग मुक्कामाचे स्थानक निवडा. त्यानंतर येणाऱ्या पडद्यावर घाई करू नका. तिथे वर्ग पहिला की दुसरा आणि भाडे पूर्ण की अर्धे असे विचारले जाते. अर्धे भाडे हे लहान मुलांसाठी आणि हाफ-फेअर कार्ड (अर्ध्या भाड्यात प्रवास करू देणारे सवलतीचे कार्ड) असलेल्या प्रौढांसाठी आहे. रक्कम कमी दिसते म्हणून कार्ड नसताना ते बटण दाबणाऱ्यांची संख्या कमी नाही. अ‍ॅपमध्येही प्रवाशाच्या माहितीत हाफ-फेअर कार्डाची खूण चुकून लागलेली नाही ना, हे पहिल्या खरेदीआधी पाहून घ्या.

स्थानकात कुठेही फाटक नाही आणि फलाटावर कुणी अडवत नाही. त्यामुळे तिकीट गाडीत मिळेल असा समज होतो. तो चुकीचा आहे. तिलोमध्ये तिकीट विकले जात नाही आणि तपासनीस कधीही येऊ शकतो. अ‍ॅपमधले तिकीट गाडी सुटण्याच्या आत घेतलेले असावे लागते. गाडी हलल्यावर घेतलेले तिकीट ग्राह्य धरत नाहीत आणि वेळ सेकंदापर्यंत त्यांना दिसते. विनातिकीट सापडल्यास पहिल्या खेपेला ९० फ्रँक अधिभार आणि शिवाय भाडे भरावे लागते, नाव नोंदले जाते आणि पुढच्या खेपेला रक्कम वाढते. ‘मी नवा आहे’ या सबबीचा उपयोग होत नाही.

अ‍ॅपमधली ‘इझीराइड’ ही सोय चांगली आहे. गाडीत चढण्यापूर्वी बोटाने सरकवून प्रवास सुरू करायचा आणि उतरल्यावर बंद करायचा. भाडे आपोआप कापले जाते. ती कँटनच्या आत वापरा. सीमेपलीकडच्या प्रवासासाठी मुक्कामाच्या स्थानकाचे नाव असलेले तिकीट घेणेच सुरक्षित.

५. पास कोणता घ्यावा

रोज एकाच मार्गाने जाणार असाल तर आर्कोबालेनोचा मासिक किंवा वार्षिक पास घ्यावा. तो तुमच्या विभागांपुरता असतो आणि ‘स्विसपास’ या लाल कार्डावर नोंदला जातो. वय २५ पेक्षा कमी असल्यास दर कमी पडतो. अनेक नगरपालिका आपल्या रहिवाशांना पासच्या रकमेत वाटा देतात, काही मालकही देतात. हे कुणी आपणहून सांगत नाही, म्हणून नगरपालिकेत नोंदणीला जाल तेव्हा खिडकीवर विचारा आणि पासची पावती जपून ठेवा.

आठवड्यातून दोन-तीनच दिवस कामाच्या जागी जायचे असेल आणि अधूनमधून झुरिच, बर्न असा प्रवास असेल, तर वर्षाचे हाफ-फेअर कार्ड बहुधा अधिक फायद्याचे ठरते. निर्णयापूर्वी एका महिन्याच्या संभाव्य फेऱ्या कागदावर मांडा. मैत्रिणीने घेतला म्हणून आपणही घेतला असे करू नये, कारण तिचे विभाग आणि तुमचे विभाग वेगळे असतात. देशभर चालणारा जनरल पास महाग आहे. रोज आल्प्सच्या पलीकडे जाणाऱ्यालाच तो परवडतो. पंचविशीच्या आतल्यांसाठी ‘जीए नाइट’ नावाचा पास आहे (पूर्वीचा ‘सेव्हन २५’). त्यावर संध्याकाळी ७ पासून पहाटे ५ पर्यंत दुसऱ्या वर्गाने फिरता येते. उशिरापर्यंत प्रयोगशाळेत थांबणाऱ्या विद्यार्थ्यांनी याचा विचार करावा.

यांपैकी हाफ-फेअर कार्ड, आर्कोबालेनो आणि जनरल पास या सगळ्यांचा हक्क स्विस हद्दीपुरता आहे. इटलीच्या भागाचे भाडे पूर्ण द्यावे लागते. भारतातून भेटीला येणाऱ्या आई-वडिलांसाठी ‘स्विस ट्रॅव्हल पास’ घेतलात, तर तोही तिलोत कियास्सोपर्यंतच धरला जातो.

६. सीमा ओलांडताना

स्विस बाजूचे शेवटचे स्थानक कोणते हे आधी पाठ करा. कोमो-मिलानोकडे जाताना कियास्सो, वारेझेकडे जाताना स्ताबिओ, लुइनोकडे जाताना रांझो. यापुढे जायचे असल्यास दोन मार्ग आहेत. पास नसेल तर सुरुवातीपासून मुक्कामापर्यंत एकच आंतरराष्ट्रीय तिकीट काढा. पास असेल तर सीमेपासून पुढच्या टप्प्याचे वेगळे तिकीट आधीच काढून ठेवा. दोन्ही जवळ असली की कियास्सोला उतरण्याची गरज नाही, त्याच जागेवर बसून राहा. ‘कियास्सोला उतरून यंत्रावर काढू’ असा बेत करू नका. थांबा पुरेसा असेलच असे नाही. इटलीत विकत घेतलेले प्रादेशिक गाडीचे कागदी तिकीट चढण्यापूर्वी फलाटावरच्या छोट्या यंत्रात घालून शिक्का मारून घ्यावे लागते. स्वित्झर्लंडमध्ये रुळलेल्या माणसाला हे आठवत नाही आणि तिकीट खिशात असूनही दंड होतो.

कियास्सोला गाडी थांबली की डब्यातली वर्दळ बदलते. बरेच लोक उतरतात, दारे उघडी राहतात आणि गणवेशातले दोन-तीन जण डब्याच्या एका टोकाकडून सावकाश चालत येतात. ते प्रत्येकाला थांबवत नाहीत, पण आपल्याला थांबवतील असे धरूनच चालावे. ‘दोकुमेंती’ असे म्हणून हात पुढे झाला की पासपोर्ट आणि रहिवासी परवाना एकत्र द्यावा. कुठे जाता, किती दिवसांसाठी, पिशवीत काय आहे, एवढेच बहुधा विचारतात. शांतपणे, थोडक्यात उत्तर द्या. पासपोर्ट वरच्या कप्प्यातल्या बॅगेत तळाशी ठेवलेला असला की अकारण धांदल उडते.

स्वित्झर्लंड शेंगेन क्षेत्रात आहे, म्हणून व्हिसावर किंवा परवान्यावर इटलीत जाता येते. नातेवाईक एकदाच प्रवेशाच्या शेंगेन व्हिसावर आले असतील तरी लुगानोहून मिलानोला जाऊन परत येण्यात अडचण नाही, कारण ते क्षेत्राबाहेर जातच नाहीत. पण रहिवासी परवान्याचे कार्ड हाती येण्यापूर्वी तुमच्या डी व्हिसाची मुदत संपत असेल, तर त्या काळात इटलीत जाणे टाळा.

स्वित्झर्लंड युरोपीय संघाच्या जकात क्षेत्रात मात्र नाही, त्यामुळे सामानाचे नियम वेगळे चालतात. कोमोच्या सुपरमार्केटमध्ये भाजी आणि किराणा स्वस्त असतो आणि शनिवारी बरेच जण तिलोने तिकडे जातात. १ जानेवारी २०२५ पासून दरडोई १५० फ्रँकपर्यंतच्या खरेदीवर स्विस मूल्यवर्धित कर नाही. पूर्वी ही मर्यादा ३०० होती आणि अजूनही जुने रहिवासी तोच आकडा सांगतात. मांस दरडोई १ किलो, लोणी व साय मिळून १ किलो आणि तेल, इतर स्निग्ध पदार्थ व मार्गारीन यांसाठी ५ किलो अशा वेगळ्या मर्यादाही आहेत. मर्यादा ओलांडली असेल तर ‘क्विकझोल’ या सरकारी अ‍ॅपमधून आधीच जाहीर करून रक्कम भरावी. पावती काढून दाखवायला जवळ ठेवावी लागते, म्हणून ती दुकानाबाहेर टाकून देऊ नका.

आणखी एक मोह इथेच सांगून ठेवणे मला आवश्यक वाटते. इटलीहून रोज पाऊण लाखाहून अधिक लोक तिचीनोत कामाला येतात आणि कोमो-वारेझेची घरभाडी लुगानोपेक्षा बरीच कमी आहेत. ‘आपणही तिकडे राहू, तिलो आहेच’ हा विचार स्वाभाविक आहे. पण भारतीय नागरिकाला सीमापार कामगाराचा जी परवाना मिळण्यासाठी शेजारच्या देशात कायमच्या वास्तव्याचा हक्क आणि सीमाभागात किमान सहा महिन्यांचे वास्तव्य लागते. नव्याने आलेल्याकडे हे नसते. स्विस परवान्यावर असताना गुपचूप इटलीत राहणे हा परवाना धोक्यात घालणारा प्रकार आहे; रोज त्याच गाडीत दिसणारा माणूस नजरेत भरतो.

७. फलक, डबा आणि सारखी नावे

फलाटाच्या फलकावर वेळ, सेवेचे नाव आणि शेवटचे स्थानक असते. त्याखाली फलाटाचे अ, ब, क सारखे विभाग दाखवलेले असतात; आखूड गाडी फलाटाच्या एकाच भागात थांबते, तेव्हा टोकाला उभे राहिलात तर पळावे लागते. दोन संच जोडलेले असतील तर दारावरचा फलक वाचूनच चढा. दार आपोआप उघडत नाही, बटण दाबावे लागते. खिडक्यांच्या वर पिवळी पट्टी दिसली की तो पहिला वर्ग. गर्दीत दुसऱ्या वर्गाचे तिकीट घेऊन तिथे उभे राहिलात तरी दंड होऊ शकतो.

कोमोहून वारेझेला जाणारी एस ४० मेंद्रिझिओला पोहोचते आणि मग उलट दिशेने निघते. आपण परत कोमोला चाललो असे वाटून लोक घाईने उतरतात. बसून राहा, वारेझेचा फाटा तिथून मागच्या बाजूलाच फुटतो. मेंद्रिझिओ-स्ताबिओ हा भाग २०१४ मध्ये आणि सीमेपलीकडचा वारेझेपर्यंतचा भाग जानेवारी २०१८ मध्ये सुरू झाला.

सारख्या नावांची स्थानके नीट ओळखा. तिलो कोमो सान जोव्हान्नीला थांबते. तलावाकाठचे कोमो लागो हे वेगळे स्थानक आहे आणि तिथून मिलानोच्या कादोर्नाकडे गाड्या जातात. वारेझेतही एकमेकांजवळ दोन वेगळी स्थानके आहेत. कियास्सोहून मिलानो पोर्ता गारिबाल्दीकडे जाणारी एस ११ ही तिलो नाही. ती सगळीकडे थांबते आणि मिलानो चेंत्रालेला जात नाही. झुरिच-मिलानो मार्गावरची युरोसिटी जलद आहे, पण सीमा ओलांडताना तिच्यात आसन आरक्षण सक्तीचे आहे. लुगानो ते बेलिंझोनासारख्या देशांतर्गत टप्प्यात आरक्षण लागत नाही.

घोषणा इटालियनमध्ये होतात, म्हणून काही शब्द ऐकून ओळखता आले पाहिजेत. बिनारिओ म्हणजे फलाट, रितार्दो म्हणजे उशीर, सोप्रेस्सो म्हणजे रद्द, बुस सोस्तितुतीव्हो म्हणजे गाडीऐवजी सोडलेली बस, शोपेरो म्हणजे संप.

८. संप, दुरुस्ती आणि बदललेली वेळ

इटलीत रेल्वेचे संप होतात आणि ते बहुधा आधी जाहीर होतात. अशा दिवशी तिलोच्या गाड्या स्विस हद्दीत धावत राहतात, पण सीमेपलीकडच्या फेऱ्या रद्द होऊ शकतात आणि गाडी कियास्सोलाच थांबू शकते. कामाच्या दिवशी संप असला तर लोम्बार्दीत सकाळी ६ ते ९ आणि संध्याकाळी ६ ते ९ या वेळांत काही गाड्या चालवण्याची हमी असते. मालपेन्साहून विमान पकडायचे असेल तर आदल्या आठवड्यात संपाची बातमी पाहा. संप असल्यास हमीच्या वेळेतली गाडी धरा किंवा खाजगी बसचे आसन राखून ठेवा.

दुसरी अडचण दुरुस्तीची. उन्हाळ्यात इटलीच्या बाजूचे मार्ग काही आठवडे बंद ठेवून गाड्यांऐवजी बस सोडतात. ही बस स्थानकाच्या बाहेरून सुटते, ती कुठे थांबते ते कागदावर चिकटवलेले असते आणि तिला गाडीपेक्षा बराच वेळ लागतो. तिकीट तेच चालते. वेळापत्रक दरवर्षी डिसेंबरच्या दुसऱ्या शनिवारनंतरच्या रविवारी बदलते, तेव्हा त्या सोमवारी सवयीच्या मिनिटावर विसंबून घराबाहेर पडू नका. एरवी या जाळ्यातल्या बहुतेक गाड्या दर तासाला किंवा अर्ध्या तासाला त्याच मिनिटावर सुटतात, म्हणून आपल्या स्थानकाची दोन मिनिटे लक्षात ठेवली की दिवसभर अ‍ॅप उघडावे लागत नाही.

लुगानोचे स्थानक शहराच्या वर, टेकडीवर आहे. मोठ्या बॅगा घेऊन पायऱ्यांनी खाली जाऊ नका. स्थानकासमोरून पियाझ्झा चोक्कारो या चौकापर्यंत फ्युनिक्युलर, म्हणजे दोराने ओढली जाणारी उतारावरची रेल्वे, उतरते आणि तिथून बहुतेक कचेऱ्या चालत जाण्याच्या अंतरावर आहेत.